मूक बुद्धाचा अपराध कोणता?

चिंचोळीच्या औद्योगिक वसाहतींतील एक सुशिक्षित गृहस्थ परवां म्हणाले, "जुने मूकपट गेले तर गेले. त्यांत पौराणिक पोरखेळापलीकडे होतें तरी काय?" हें मत त्यांचें एकट्याचें नाहीं, म्हणूनच त्याचा समाचार घेणें प्राप्त आहे.

दादासाहेब फाळक्यांनीं १९२३ सालीं 'बुद्धदेव' हा मूकपट काढला. गौतमाच्या चरित्रांतील खरें नाट्य बाहेर घडतच नाहीं. राजवाडा सोडण्याचें दृश्य सोपें. परंतु बोधिवृक्षाखालीं जो मार समोर ठाकतो, तो वस्तुतः मनांतूनच उठलेला. हा मोह शब्दावांचून दाखविणें ही कलावंताची कसोटी. अजिंठ्याच्या सव्विसाव्या लेण्यांतील शिल्पकार तींत उतरला: वर चालून येणारें सैन्य, खालीं नाचणाऱ्या मारकन्या, आणि मध्यें तेवढी एकच निश्चल मूर्ति. एकाच फितीवर दोनदां छाया घेऊन चमत्कार घडविणारे फाळके येथें काय करते झाले? चमत्कारांतच रमले, कीं मनाच्या तळाशीं उतरले? निकाल मला देतां येत नाहीं, तसा आक्षेपकांनाहि येत नाहीं. कारण तो पट सबंध पाहण्याची सोयच आपणांस उरलेली नाहीं. न पाहिलेल्याला पोरखेळ ठरविणें ही कसली रसिकता?

हिमांशु राय व जर्मन दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टन यांचा १९२५ चा 'प्रेम संन्यास' मात्र परदेशांत जपला गेला. म्हणजे म्युनिकच्या साह्यानें घडलेला बुद्ध आपण पाहूं शकतों, नाशिकचा नाहीं!

फीत ज्वालाग्राही होती, हें कबूल. जपानांत तर १९२३ चा भूकंप आणि पुढें युद्धांतील बॉम्बवर्षाव यांनीं असंख्य मूकपट गिळले. तरीहि १९२६ सालचा आपला हरवलेला पट किनुगासा यांस १९७१ सालीं घरच्या कोठारांत सांपडला आणि तो पुन्हां पडद्यावर आला. आमच्याकडे कोणता भूकंप झाला होता? येथें चांदीच्या लोभानें रिळें वितळविलीं गेलीं. फाळके १९४४ सालीं वारले. पुण्याचें राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघालें १९६४ सालीं. मधलीं वीस वर्षें आपण, म्हणजे त्या गृहस्थांचेच वाडवडील व माझेहि, स्वस्थ बसलों.

सोलापुरांतील एखाद्या जुन्या थिएटराच्या माळ्यावर गंजलेले डबे असतील, तर ते भंगारांत घालण्यापूर्वीं पुण्यास कळवावें. आणि उघडून पाहण्याचा मोह झालाच, तर निदान विडी विझवून ठेवावी.