अपील की मायदेश?

परदेशी शिक्षाबंद्यांच्या हस्तांतरणाबद्दल गेल्या काही महिन्यांत या मासिकाकडे आलेल्या पत्रांत एकच तक्रार पुन्हापुन्हा वाचायला मिळते. बंदी मायदेशी जायला तयार आहे, त्याच्या दूतावासालाही रस आहे, पण उच्च न्यायालयात अपील प्रलंबित असल्याचा शेरा मारून अर्ज परत येतो. ही पत्रे लिहिणाऱ्यांत विधी सेवा पॅनेलवरचे वकील आहेत आणि तुरुंगाधिकारीही आहेत. दोन्ही बाजूंनी एकच गाऱ्हाणे येते तेव्हा दोष एखाद्या कारकुनाचा नसतो. तो कामाच्या पद्धतीत मुरलेला असतो.

बंदी प्रत्यावर्तन कायदा 2003 चा. तो 2004 च्या प्रारंभापासून अमलात आहे आणि त्याच्या अटी वाचकांना पाठ आहेत. फाशीची शिक्षा नसावी, लष्करी कायद्याखालचा गुन्हा नसावा, देशाच्या सुरक्षेला बाधा येऊ नये आणि बंद्याविरुद्ध भारतातील कोणत्याही न्यायालयात चौकशी, खटला वा अन्य कार्यवाही प्रलंबित नसावी. घोटाळा या शेवटच्या अटीपाशी होतो. बंद्याने स्वतः केलेले अपील ही त्याच्याविरुद्धची कार्यवाही मानायची का? कार्यालयांनी याचे उत्तर न शोधताच ‘होय’ धरून टाकले आहे.

त्याचे परिणाम पाहावेत. एनडीपीएसखाली व्यावसायिक प्रमाणाच्या प्रकरणात किमान शिक्षा दहा वर्षे आणि किमान दंड एक लाख रुपये. गोव्यात वा मुंबईत अशा गुन्ह्यात दोषी ठरलेला परदेशी माणूस अपील करतो आणि ते अंतिम सुनावणीला येईपर्यंत वर्षे लोटतात. दरम्यान त्याने हस्तांतरण मागितले की अपील मागे घेण्याचा सल्ला मिळतो. अपील मागे घेतले की दोषसिद्धी कायम होते. त्यानंतर अर्ज पुढे जातो आणि दोनपैकी कोणतेही सरकार तो कारण न देता नाकारू शकते. तसे झाले तर अपीलही गेले आणि मायदेशही गेला. कोणत्याही जबाबदार वकिलाने अशिलाला असा जुगार खेळायला सांगू नये.

वास्तविक कायदा आणि करार एकत्र वाचले तर यातून वाट निघते. युरोप परिषदेच्या 1983 च्या स्ट्रासबर्ग करारात भारत 2018 मध्ये सामील झाला. त्यातील तिसरा अनुच्छेद काढून पाहावा. हस्तांतरणासाठी निकाल अंतिम असावा लागतो. किमान सहा महिन्यांची शिक्षा उरलेली असण्याची अट मात्र विनंती पोचण्याच्या दिवशी मोजली जाते. म्हणजे निकाल अंतिम असणे ही बंदी विमानात बसण्यापूर्वीची अट आहे. कागद हलवायला तिची आडकाठी नाही. हस्तांतरणानंतरही निकालाच्या पुनर्विलोकनाचा अधिकार शिक्षा देणाऱ्या देशाकडेच राहतो, हेही करारात स्पष्ट आहे. तेव्हा क्रम उलटा करावा. आधी दोन्ही सरकारांनी तत्त्वतः संमती द्यावी, ती हाती आल्यावर बंद्याने अपील मागे घ्यायचे की नाही ते ठरवावे. केंद्रीय गृह मंत्रालयाने असे एक परिपत्रक काढले, तर कायद्यातला एक शब्दही न बदलता निम्मा गुंता सुटेल.

उरलेला गुंता सरकारने स्वतःच घातलेला आहे. शिक्षा वाढवून मागणारे राज्याचे अपील ही मात्र खरोखरच बंद्याविरुद्धची कार्यवाही. ते दाखल होते, वर्षानुवर्षे पडून राहते आणि त्याच कारणावरून सरकारचाच दुसरा विभाग अर्ज अडवतो. तीच गत व्हिसा संपल्यावरही राहिल्याच्या खटल्यांची. मुख्य गुन्ह्याची शिक्षा भोगून संपत येते, पण 1946 च्या परकीय नागरिक कायद्याखालचा किरकोळ खटला दंडाधिकाऱ्यांपुढे तारखा घेत बसतो. तो जुना कायदा जाऊन 1 सप्टेंबर 2025 पासून नवा कायदा आला, पण जुने खटले चालूच आहेत. असे खटले महिन्याभरात निकाली काढावेत किंवा मागे घ्यावेत, एवढा निर्णय गृह विभागाला घेता येऊ नये?

मुदतीचे तर विचारूच नये. अधीक्षकापासून गृह मंत्रालयापर्यंत कोणत्या टेबलावर अर्ज किती दिवस थांबावा, याबद्दल कायदा मौन बाळगतो. अर्ज रेंगाळला की शिक्षा गणनेचा तक्ता जुना होतो, मग नवा मागवला जातो, वैद्यकीय अहवालही नवा लागतो. एवढ्यात उरलेली शिक्षा सहा महिन्यांच्या खाली आली की अर्ज निकालात निघतो.

हा प्रश्न केवळ इथल्या परदेशी बंद्यांचा नाही. 2025 च्या सुरुवातीला सरकारने संसदेत दिलेल्या आकड्यानुसार परदेशी तुरुंगांत 10,152 भारतीय होते. त्यांत न्यायाधीन बंदीही आले आणि त्यांना हा कायदा लागू होत नाही. ब्रिटनशी 2005 मध्ये, संयुक्त अरब अमिरातीशी 2011 मध्ये, थायलंडशी 2012 मध्ये करार झाले. करारांची यादी लांबत गेली, पण परतलेल्यांची संख्या मोजकीच राहिली. दुसऱ्या देशाने आपल्या माणसांचे अर्ज लवकर हाताळावेत असे वाटत असेल, तर आपल्या टेबलावरचे अर्ज आधी हलले पाहिजेत.

परदेशातून परतणाऱ्यांच्या घरच्यांना सल्ला देतानाही सावध राहावे. मॉरिशसमध्ये 152.8 ग्रॅम हेरॉइनसाठी 26 वर्षांची शिक्षा झालेला एक भारतीय बंदी हस्तांतरित होऊन आला. भारतीय कायद्याप्रमाणे शिक्षा कमी व्हावी, ही त्याची मागणी मुंबई उच्च न्यायालयाने उचलून धरली. जानेवारी 2022 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला आणि मूळ शिक्षाच बंधनकारक ठरवली. ‘इथे आला की शिक्षा कमी होईल’ असे नातेवाइकांना सांगणारे वकील अजून भेटतात. ते त्यांची फसवणूक करत आहेत.

आणि आता आपल्याकडे पाहू. शिक्षा लागल्या दिवशी परदेशी बंद्याला त्याच्या भाषेत हस्तांतरणाच्या हक्काची लेखी माहिती किती तुरुंगांत मिळते? कराराचा आशय बंद्याला कळवणे स्ट्रासबर्ग कराराच्या चौथ्या अनुच्छेदाने शिक्षा देणाऱ्या देशावर बंधनकारक केले आहे. अधीक्षकांनी प्रवेशाच्या वेळीच ही माहिती द्यावी आणि पोच घ्यावी. पॅनेल वकिलांनी अपिलाचा मसुदा आणि हस्तांतरणाचा अर्ज एकाच आठवड्यात तयार करावा, निकालाच्या प्रमाणित प्रतीचा एक संच त्यासाठी राखून ठेवावा, अपील लवकर ऐकण्याचा अर्ज सोबत द्यावा आणि अर्ज फेटाळला गेला तर लेखी कारण मागावे. कारण मिळत नसेल तर रिट दाखल करावी. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणांनी आपापल्या तुरुंगांतील परदेशी शिक्षाबंद्यांची यादी शिक्षा संपण्याच्या तारखेसह या महिनाअखेर तयार करावी. ज्यांचे एक वर्षाहून कमी उरले आहे, त्यांचे अर्ज सगळ्यांत आधी पाठवावेत.