डोळ्याला हार, कानाला काय?

गेल्या उन्हाळ्यात बिदरकडे जाणं झालं, तेव्हा कमठाण्यात दोन दिवस राहिलो. उतरलो त्या घरच्या कॉलेजात जाणाऱ्या मुलाने आपल्या आजीवर केलेली दहा मिनिटांची फिल्म दाखवली. कॅमेरा त्याचाच, आवाजही त्यानेच टिपलेला. चित्र सुरेख! चुलीचा धूर, आजीचे हात, दारातली शेळी. पण आजी बोलू लागली की तिचा आवाज बंद, आणि वर बासरी व कुणा निवेदकाचं पुणेरी मराठी.

"आजीचा आवाज का काढलास?" मी विचारलं.

"काका, ती कानडी, दखनी मिसळून बोलते. बाहेरच्यांना अशुद्ध वाटेल."

मला त्या पोराचा राग आला नाही. राग आला तो आपलाच. १९५६ साली हैदराबाद राज्य मोडलं. उदगीर, निलंगा मुंबई राज्याला मिळाले, बिदर म्हैसूर राज्यात गेलं. माणसं बोलत होती तशीच बोलत राहिली. त्यांना अशुद्ध ठरवलं ते आपण, लांब बसून.

सिनेमात तर आपण कानाला कधी मोजलंच नाही. 'संत तुकाराम' (१९३६) म्हटलं की पागनीस आठवतात. पण दिग्दर्शक जोडीतले विष्णुपंत दामले? हे पेणचे गृहस्थ. कोल्हापुरात बाबूराव पेंटरांबरोबर खपून १९१८ साली त्यांनी देशी कॅमेरा उभा केला. पुढे बोलपट आला तेव्हा 'प्रभात'मध्ये ध्वनिमुद्रणाची जबाबदारी याच माणसाने उचलली. डोळा आणि कान एकाच कारागिराकडे! १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात त्यांच्या तुकारामाचा गौरव झाला. आज दामल्यांना ध्वनीचा माणूस म्हणून किती जण ओळखतात?

तिकडे फ्रान्समध्ये १९६० च्या सुमारास झां रूश हलका कॅमेरा आणि खांद्याला अडकवायचा नाग्रा टेपरेकॉर्डर घेऊन पॅरिसच्या रस्त्यावर उतरला. मार्सलीन लोरिदां ही बाई तो नाग्रा स्वतःच वागवत चौकातून चालते, आपल्याशीच बोलते, आणि तो आवाज चित्रपटात तसाच राहतो. तिचं बोलणं कुणी दुसऱ्याकडून वदवून घेतलं नाही. आज तर कॅमेरा आणि माइक दोन्ही खिशातल्या फोनमध्ये आहेत. मग आजी मुकी का?

कुणी म्हणेल, आवाज खराब असेल तर काय करायचं? कबूल. वाऱ्याची घरघर काढा, पंख्याचा आवाज काढा. पण खराब आवाज वेगळा आणि आपल्याला नकोसा आवाज वेगळा. कमठाण्याच्या त्या आजीचा शब्द न् शब्द स्वच्छ ऐकू येत होता.

आणि गोंयकारांनो, हसू नका. २००४ पासून आपल्या पणजीत इफ्फी भरतो. श्रेयनामावलीत ध्वनिमुद्रकाचं नाव येईपर्यंत आपण दारापाशी पोचलेले असतो. पेडण्या-सत्तरीची मराठी कोकणीत भिजलेली, म्हणून ती मंचावर चढताना आपणही तिचे कपडे बदलतोच ना?

निघताना मुलाला एवढंच म्हटलं, बासरी काढ, निवेदक काढ, हवं तर खाली अक्षरं दे. पण आजीला बोलू दे. तो म्हणाला, "बक्षीस नाही मिळणार, काका."

नाही मिळालं तर दोष परीक्षकांचा. म्हणजे आपलाच.