गादीचा वास आणि आबांचे पाणी

आषाढ लागला की आमच्या दवाखान्यात एक प्रश्न हमखास येतो, पण तो कधीच पहिला येत नाही. सर्दी-खोकला सांगून होतो, बी.पी. मोजून होते, पेशंट उठून दारापर्यंत जातो आणि मग मागे वळून आवाज खाली आणत विचारतो, "डॉक्टर, अजून एक होतं. गादीला लघवीचा वास येतोय. काही केलं तरी जात नाही."

हा प्रश्न पावसातच यावा, याला कारण आहे. लोणावळ्यात वर्षाला चार हजार मिलिमीटरच्या पुढे पाऊस पडतो आणि तो बहुतेक सगळा जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत. तळेगावच्या बाजूला पाऊस बराच कमी, पण खंडाळा, लोणावळा, पवन मावळ, नाणे मावळ येथे दोन-दोन आठवडे ऊन दिसत नाही. उन्हाळ्यात ओली गादी अंगणात टाकली की संध्याकाळी वाळते. जुलैत टाकायची कुठे?

काही वर्षांपूर्वी अशाच एका जुलैत पवन मावळातल्या एका गावाहून पंचाहत्तरीच्या एका आबांना जीपमध्ये घालून आणले. ताप होता, ग्लानी होती, जीभ लाकडासारखी कोरडी पडली होती. लघवीत जंतुसंसर्ग आणि अंगातले पाणी कमी झालेले. त्यातून बेंबीखाली हात लावला तर मूत्राशय फुगलेले. सलाईन आणि इंजेक्शने सुरू केली, लघवीची नळी घातली. चौथ्या दिवशी आबा उठून बसले. "दिवसाला पाणी किती पिता?" असे विचारले तर म्हणाले, "दोन कप च्या." आणि पाणी? "रातच्याला पाणी प्यालं का गादी वली व्हती, सायब. मग समद्यांना तरास."

मग हळूहळू कळले. वास येतो म्हणून महिन्याभरापूर्वी आबांची गादी पडवीत हलवली होती. पडवीत पावसाची झड येत होती. घरची माणसे वाईट नव्हती, हे मुद्दाम सांगतो. सुनेने चार महिने रोज अंथरूण बदलले, धुतले, चुलीच्या उबेवर वाळवले. नाक धरून नव्हे, प्रेमाने केले. शेवटी तिलाही सोसेना. आणि आबांनी त्यावर स्वतःपुरता उपाय शोधला, तो म्हणजे पाणी तोडणे.

या उपायाने वास कमी होत नाही, वाढतो. पाणी कमी प्यायले की लघवी दाट होते. दाट लघवीला वास जास्त, शिवाय ती मूत्राशयाला चुरचुरते, त्यामुळे घाई वाढते. जंतूंनाही फावते. हृदयाच्या किंवा मूत्रपिंडाच्या आजारासाठी डॉक्टरांनी पाणी मोजून दिले असेल तर गोष्ट वेगळी. इतरांनी दिवसा भरपूर प्यावे आणि निजण्याआधी दोन तास हात आवरता घ्यावा, एवढे पुरते.

माझे स्पष्ट मत असे आहे, की वास गादीला आहे, तो गादीतून काढावा. माणसाला हलवून तो जात नाही.

आता तो कसा काढायचा ते सांगतो. ताज्या लघवीला फारसा वास नसतो. तिच्यातल्या युरियाचे जंतू अमोनिया करतात, तो नाकाला झोंबतो. म्हणून पहिला तास महत्त्वाचा. कोरडे जुने फडके किंवा पंचा घेऊन ओली जागा वरून दाबावी. चोळू नये, चोळल्याने ओल आत उतरते. मग थोडे गार पाणी शिंपडून पुन्हा टिपावे. फोमच्या गादीवर बादलीभर पाणी ओतणारे लोक मी पाहिले आहेत. आत गेलेले ते पाणी बाहेर कुठून येणार? आठवड्याने त्या गादीला लघवीचा नव्हे, कुबट बुरशीचा वास येतो.

त्यानंतर पांढरा व्हिनेगर (चायनीज करायला आणतात तोच) आणि तेवढेच पाणी एकत्र करून डागावर शिंपडावे. अमोनिया क्षारधर्मी, व्हिनेगर आम्लधर्मी, म्हणून तो मारला जातो. दहा-पंधरा मिनिटांनी टिपून घ्यावे आणि जागा जरा सुकली की खाण्याचा सोडा जाडसर पसरून रात्रभर ठेवावा. दोन्ही एकदम घातले तर नुसता फेस येतो, दोघेही एकमेकांना निकामी करतात. सकाळी सोडा ब्रशने झाडून टाकावा. जुन्या वासाला हे दोन-तीनदा करावे लागते. पिवळा डाग राहिलाच तर औषधाच्या दुकानातले हायड्रोजन पेरॉक्साइड चालते. बाटलीवर २० व्हॉल्यूम लिहिले असेल तर ते सुमारे ६ टक्के असते, त्यात तेवढेच पाणी घालावे. रंगीत कापडाचा रंग मात्र उडतो. कापसाची गादी असेल तर सर्वांत चांगला उपाय जुनाच आहे. उसवावी, खराब झालेला कापूस काढून टाकावा, उरलेला उन्हात घालून पिंजून घ्यावा, खोळ धुवावी. पण हे काम दिवाळीच्या आसपासचे. तोवर वरचा उपाय.

काय करू नये, हे जास्त महत्त्वाचे. गावच्या विहिरीत टाकतात ती टीसीएल पावडर काही जण गादीवर भुरभुरतात. तिच्यातला क्लोरीन आणि लघवीतला अमोनिया मिळून छातीला झोंबणारा वायू होतो, आणि तिच्यावर व्हिनेगर पडले तर त्याहून वाईट. फिनेल ओतलेल्या गादीवर तान्हे मूल निजवू नये, कातडी भाजल्यासारखी होते. डांबराच्या गोळ्या उशाखाली नकोत. काही बाळांच्या रक्तात जन्मतःच एक एन्झाइम कमी असते, त्यांना या गोळ्यांच्या वाफेने कावीळ होते, रक्त उतरते. आणि खोलीची दारे-खिडक्या लावून कोळशाची शेगडी पेटवून गादी वाळवणे तर जिवावरचे. त्या धुराविना येणाऱ्या विषारी वायूला वास नसतो. पंखा लावा, गादी भिंतीला उभी करा, खिडकी उघडी ठेवा.

खरे सांगायचे तर गादी ओली होऊच न देणे हाच शहाणपणा. पूर्वी पोरे आणि म्हातारी माणसे वाकळेवर, गोधडीवर निजत. गोधडी इंद्रायणीवर नेऊन आपटता येई, फोमची गादी आपटता येत नाही. आपण गाद्या बदलल्या, सवयी बदलल्या नाहीत. औषधाच्या दुकानात रबरी शीट मीटरवर मिळते. ती गादीवर, तिच्यावर चौघडी केलेले जुने सुती लुगडे, आणि वर चादर. रात्री भिजले तर लुगडे ओढून दुसरे घालायचे. डायपर वापरला तरी तो रात्रभर तसाच ठेवू नये, पाठीला जखमा होतात.

मुलांबद्दलही लिहायला हवे. पाच वर्षांच्या शंभर मुलांपैकी पंधरा-एक अंथरूण ओले करतात, आणि उपचार न करताही दरवर्षी त्यांतली बरीच बरी होतात. आई किंवा वडील लहानपणी तसेच असतील तर मुलात हे जास्त दिसते. तेव्हा पोराला दटावण्याआधी आजीला विचारून पाहावे! मूल झोपेत मुद्दाम करत नाही. मार देऊन, किंवा ओली चादर शेजाऱ्यांना दिसेल अशी वाळत घालून ते थांबत नाही. एका पोराने तर भीतीने ओली चड्डी महिनाभर कपाटामागे कोंबली होती. घरभर वास, आणि कुणाला पत्ता नाही. बद्धकोष्ठता असेल तर आधी ती दूर करावी, मूत्राशयावरचा दाब कमी होतो. पण आधी कोरडे राहणारे मूल अचानक ओले करू लागले, सारखे पाणी मागू लागले, वाळू लागले, तर त्याच दिवशी साखर तपासावी. मुलांतला मधुमेह असाच दारात येतो आणि थांबत नाही.

मोठ्यांचेही तेच. आबांची प्रोस्टेट ग्रंथी वाढली होती. घागर भरून वरून सांडावी तशी त्यांची लघवी सांडत होती, आणि घरात सगळे गादीच धूत होते. बायकांमध्ये बाळंतपणांनी ओटीपोटाचे स्नायू सैल पडतात, 'अंग बाहेर येते'. शिंकले-खोकले की कपडे भिजतात. वीस-वीस वर्षे त्या हे कुणालाही सांगत नाहीत. स्नायू आवळण्याच्या साध्या व्यायामाने पुष्कळींना आराम पडतो. सूज किंवा बी.पी.साठी दिलेली लघवीची गोळी संध्याकाळी घेतली जात असेल तर डॉक्टरांना विचारून ती सकाळी घ्यावी. एवढ्यानेही काही गाद्या कोरड्या राहिल्या आहेत.

यात आम्हा डॉक्टरांचीही चूक आहे. आम्ही म्हाताऱ्याला झोप विचारतो, भूक विचारतो, शौच विचारतो. अंथरूण कोरडे राहते का, हे विचारत नाही. आबा आधी दोनदा गुडघ्यांसाठी माझ्याकडे येऊन गेले होते. मीही विचारले नव्हते.

तेव्हा दारापर्यंत जाऊन परत वळू नका, बसल्याबसल्याच सांगा. तपासणीला येताना गादीचे वर्णन नको, लघवी आणा. सकाळची, स्वच्छ कोरड्या बाटलीत, सुरुवातीची थोडी धार सोडून मधली. खोकल्याच्या औषधाची किंवा सरबताची जुनी बाटली मात्र नको. तिच्यात साखरेचा अंश राहतो, आणि ज्याला मधुमेह नाही त्याला आम्ही उगीच घाबरवून सोडतो.