टिकली, मॉनिटर आणि नेम

शूटर गेम खेळणाऱ्यांमध्ये एक वाद कायम चालू असतो. स्क्रीनच्या बरोबर मधोमध आपण स्वतःहून एक ठिपका लावला, तर ती हुशारी की चीटिंग? कुणी टिकली चिकटवतो, कुणी मार्करने टिंब काढतो, कुणी मॉनिटरच्या बटणातून लाल फुली चालू करतो. माझं मत आधीच सांगून टाकते. एकट्याने खेळताना ठिपका खुशाल लावा. पण समोर माणूस असेल आणि हार-जीत मोजली जाणार असेल, तर गेमने जो ठिपका मुद्दाम दिलेला नाही तो कुणाच्याच स्क्रीनवर नको. १ रुपयाच्या टिकलीचा नको, तसाच १५-२० हजारांच्या मॉनिटरचाही नको.

आपल्या मंडळात गेम न खेळणारे वाचकही बरेच आहेत, त्यांच्यासाठी थोडं समजावून सांगते. शूटर गेममध्ये तुम्ही जे बघता ते खेळाडूच्या डोळ्यांतून बघता, आणि गोळी जाते ती बहुतेक वेळा स्क्रीनच्या मध्यबिंदूच्या दिशेने. म्हणून गेम स्वतःच मधोमध एक बारीक फुली दाखवतो. तिला क्रॉसहेअर म्हणतात. तुम्ही माऊस हलवता तेव्हा फुली जागेवरच राहते, सगळं जगच तिच्याभोवती फिरतं. फुलीखाली शत्रू आला की क्लिक.

मग आणखी ठिपका कशाला? कारण काही ठिकाणी गेम ही फुली काढून घेतो. काउंटर-स्ट्राइकमधली एडब्ल्यूपी ही बंदूक घ्या. लागली तर बहुधा एकाच गोळीत काम तमाम. एवढी ताकद फुकट मिळत नाही. गेममधल्या पैशांत ती ४७५० डॉलरची, तिच्यासोबत पळताना वेग कमी, एका गोळीनंतर दुसरी झाडायला वेळ लागतो, आणि दुर्बिणीतून म्हणजे स्कोपमधून बघत नसाल तर मधली फुली गायब. कॉल ऑफ ड्यूटीच्या हार्डकोअर प्रकारातही फुली नसते. हे कुणी विसरलेलं नाही. गेम बनवणाऱ्यांनी ठरवून ठेवलेली ती अडचण आहे.

काचेवर ठिपका लावला की ही अडचण अर्धी सुटते. अर्धीच का, तर स्कोप न लावता एडब्ल्यूपी झाडली की गोळी तशीही इकडेतिकडे जाते, तिथे ठिपका काही करू शकत नाही. पण स्कोप उघडण्याआधीच मध्य कुठे आहे हे माहीत असेल, तर शत्रू ठिपक्यावर आणायचा, क्षणभर स्कोप उघडायचा आणि झाडायची. हेच जमायला मुलं महिनोन् महिने सराव करतात. ठिपकेवाल्याला ते पुष्कळ लवकर जमतं.

ठिपका लावायच्या तऱ्हाही तीन. पहिली टिकलीची. स्क्रीनच्या समोरासमोरच्या कोपऱ्यांतून दोन दोरे तिरपे ताणायचे, जिथे एकमेकांना छेदतील तिथे टिकली. १९२० बाय १०८० च्या स्क्रीनवर खरा मध्य कुठल्याच पिक्सेलवर येत नाही, तो चार पिक्सेलच्या मधल्या फटीत येतो. टिकली तेवढी बारीक नसतेच, त्यामुळे चालून जातं. जुन्या डबा मॉनिटरला काच जाड असायची, मान थोडी हलली की टिकली सरकल्यासारखी दिसायची. दुसरी तऱ्हा मॉनिटरची. अनेक गेमिंग मॉनिटरमध्ये कंपनीच ही फुली देते. ती मॉनिटर स्वतः काढतो, कॉम्प्युटरला आणि गेमला त्याचा पत्ताही नसतो. तिसरी तऱ्हा म्हणजे ॲप किंवा सॉफ्टवेअर, जे गेमच्या वर एक थर टाकून ठिपका दाखवतं. मोबाइलवर मुलं हेच करतात. आता दुसऱ्या ॲपच्या वर दिसण्याची परवानगी कुठल्यातरी अनोळखी फाइलला देणं म्हणजे घराची किल्ली रस्त्यावरच्या माणसाच्या हातात देणं. स्पर्धेचं सोडा, त्या एका कारणासाठीही हे टाळलेलं बरं.

आता मुद्द्याकडे येते. मी पांढुर्ण्याची. मागच्या दिवाळीच्या सुट्टीत गावातल्या एका गेमिंग कॅफेत काउंटर-स्ट्राइक १.६ ची स्पर्धा होती, पाच-पाच जणांचे संघ. माझा मावसभाऊ खेळत होता म्हणून मी बघायला गेले होते. दुसऱ्या फेरीत समोरच्या संघातल्या एका पोराच्या स्क्रीनवर मरून रंगाची टिकली दिसली. लगेच आरडाओरडा. पोरगा म्हणाला, “अबे, टिकलीच तं लावली, बंदूक थोडी लावली!” सगळे हसले, पण कॅफेवाल्या दादांनी त्या संघाला बाद केलं. ठीक. पुढे फायनल. कॅफेत दोनच नवे मॉनिटर होते, आणि ते चिठ्ठी टाकून एका संघाच्या वाट्याला आले. त्यांनी मॉनिटरमागचं बटण दाबलं आणि मधोमध हिरवी फुली चालू केली. माझ्या मावसभावाने हरकत घेतली. दादा म्हणाले, “ते तं मॉनिटरमधेच येते ना बाबू, त्याले चीटिंग कसं म्हणता?”

टिकलीवाला पोरगा मागे भिंतीला टेकून उभा होता. तो काही बोलला नाही.

मला खटकलं ते इथे. दोघांनी केलं एकच. दोघांच्याही स्क्रीनवर गेमने न दिलेला ठिपका होता, दोघांनाही फायदा तोच. फरक एवढाच की एकाचा ठिपका घरातल्या पाकिटातून आला आणि दुसऱ्याचा कंपनीच्या खोक्यातून. पहिला चोर ठरला, दुसऱ्याचं ‘फीचर’ ठरलं. आपल्याकडे हे फक्त गेममध्ये होतं असंही नाही. गरिबाची युक्ती ती लबाडी आणि पैसेवाल्याची युक्ती ती सोय, हा हिशेब आपल्या इतका अंगवळणी पडलाय की तो चुकीचा आहे हे पटकन लक्षातच येत नाही.

“कंपनीने दिलंय म्हणजे चालतं” हा युक्तिवाद तसाही टिकत नाही. काही नव्या कीबोर्डमध्ये अशी सोय आली की डावी-उजवीकडची बटणं एकत्र दाबली गेली तर कीबोर्ड आधीचं बटण आपोआप सोडून देतो. त्यामुळे खेळाडूला दिशा बदलणं किंवा जागच्या जागी थांबणं फार सोपं जातं. कीबोर्ड दुकानात उघडपणे विकले जात होते, जाहिराती होत्या. तरी ऑगस्ट २०२४ मध्ये व्हॉल्व्ह कंपनीने काउंटर-स्ट्राइक २ च्या आपल्या अधिकृत सर्व्हरवर ही सोय वापरणाऱ्यांना सामन्यातून बाहेर काढायला सुरुवात केली. म्हणजे वस्तू बाजारात मिळते की नाही हा प्रश्नच नाही. जे कौशल्य खेळाडूने दाखवायचं ते यंत्र दाखवतंय का, हा प्रश्न आहे.

खऱ्या नेमबाजीत हा प्रश्न केव्हाच सोडवलाय. कोल्हापूर जिल्ह्यातल्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेने २०२४ च्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये ५० मीटर रायफल थ्री पोझिशन्समध्ये कांस्यपदक मिळवलं. त्या लक्ष्यावरचं दहा गुणांचं वर्तुळ फक्त १०.४ मिलिमीटरचं असतं, आणि अंतर ५० मीटर. तरी रायफलला दुर्बीण लावायची परवानगी नाही, बारीक छिद्रातून बघून नेम धरायचा. सगळ्यांनी तसाच. आपल्या देशातल्या स्पर्धांत एअर रायफलचे ओपन साइट आणि पीप साइट असे गटही वेगळे ठेवतात. साधन चांगलं की वाईट हा वाद तिथे कुणी घालत नाही. ज्याच्याकडे जे साधन आहे त्याने त्याच साधनवाल्याशी लढावं, एवढंच.

आमच्या गावचं उदाहरण द्यायचं तर गोटमार. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी जाम नदीच्या पात्रात पळसाचं झाड रोवतात, एका काठावर पांढुर्णा आणि दुसऱ्या काठावर सावरगाव, आणि झाडावरच्या झेंड्यासाठी दोन्हीकडून दगड. माणसं जखमी होतात, जीवही गेलेले आहेत, त्यामुळे या प्रथेचं मी कौतुक करणार नाही. पण एक गोष्ट बघा. गोफणीवर तिथेही बंदी घातली गेली. दगड तोच, नदी तीच. पण हाताने भिरकावलेला दगड वेगळा आणि गोफणीतून सुटलेला वेगळा, हे बाहेरच्याला सांगावं लागेल, पांढुर्ण्याच्या माणसाला नाही. ज्वारीच्या शेतात पाखरं हाकलायला गोफण आम्ही सगळ्यांनीच बघितलीय, तिचा जोर माहीत आहे. शेतात चालते म्हणून ती नदीत चालत नाही. ठिपक्याचंही तसंच आहे. घरी सरावात चालतो म्हणून सामन्यात चालेल असं नाही.

आता दुसरी बाजू. ठिपका लावणारा प्रत्येक जण फायदाच उपटतो असं समजणंही बरोबर नाही. वेगाने फिरणाऱ्या गेममध्ये काही जणांना गाडी लागल्यासारखं मळमळतं. नजर एका स्थिर ठिपक्यावर ठेवली की तो त्रास कमी होतो. २००८ साली आलेल्या मिरर्स एजमध्ये मुख्य खेळ छतांवरून धावण्या-उड्या मारण्याचा, तरी बनवणाऱ्यांनी मधोमध बारीक ठिपका ठेवला तो याच कारणासाठी. कुणाला लाल-हिरवा फरक कळत नाही, कुणाची नजर अधू असते. अनेक गेम क्रॉसहेअरचा रंग आणि आकार बदलू देतात, ते अशांच्या फार उपयोगाचं आहे. पॅरालिम्पिक नेमबाजीत ज्यांच्या हातांना रायफलचं वजन पेलत नाही त्यांना स्प्रिंगचा स्टँड मिळतो, पण त्यांचा गट वेगळा असतो आणि स्टँड सगळ्यांच्या समोर असतो. गरज असेल तर सवलत जरूर द्या. फक्त ती आधी सांगून द्यावी, सगळ्यांना माहीत असावी.

कुणी म्हणेल, एवढा काय कीस पाडायचा, गेमच तर आहे! आजोबा तर म्हणतील की अर्जुनाला पोपटाचा डोळा दिसायला काचेवर टिकली लावावी लागली नव्हती. पण २०२५ च्या ऑनलाइन गेमिंगच्या कायद्याने पैशांच्या खेळांवर बंदी घालताना ई-स्पोर्ट्सना मात्र वेगळं काढून मान्यता दिली आहे. कॉलेजांच्या फेस्टमध्ये आता क्रिकेट-कॅरमच्या बरोबरीने बीजीएमआय आणि व्हॅलोरंट असतात. आपल्याला हे खेळ म्हणून मोजून हवे असतील, तर खेळासारखे नियमही हवेत. कॅरममध्ये स्ट्रायकर रेषेवर ठेवला नाही म्हणून आपण तावातावाने भांडतो, आणि इथे अर्धा सामना ज्यावर फिरतो त्या ठिपक्याबद्दल नियमपत्रिकेत एक ओळ नसते. ओळ नसली की निर्णय आयोजकाच्या मर्जीवर जातो, आणि मर्जी बहुतेक वेळा नव्या मॉनिटरकडे झुकते.

म्हणून पुढच्या फेस्टमध्ये गेमिंगची स्पर्धा ठेवणाऱ्या आपल्या मित्रमैत्रिणींना माझ्या चार सूचना आहेत.

एक, गेमच्या स्वतःच्या सेटिंगमध्ये जे क्रॉसहेअर मिळतं तेवढंच चालेल, हे नोंदणीच्या फॉर्मवर मराठीत आणि हिंदीत स्वच्छ लिहा. टिकली, मार्कर, मॉनिटरची फुली, ॲप, सगळ्यांची नावं घेऊन लिहा, म्हणजे “माहीत नव्हतं” असं कुणी म्हणणार नाही.

दोन, सामन्याआधी दोन्ही संघांच्या एकेका खेळाडूने समोरच्यांचे सगळे स्क्रीन बघून घ्यावेत, मॉनिटरचा मेनू उघडून. दहा स्क्रीनना पाच मिनिटंसुद्धा लागत नाहीत. मॉनिटरची फुली कॉम्प्युटरला कळत नाही, ती माणसानेच बघावी लागते.

तीन, डोळ्यांचा किंवा मळमळीचा त्रास असणाऱ्याने आधी सांगितलं, तर ठिपक्याची परवानगी द्या आणि समोरच्या संघालाही तोच ठिपका लावायची मुभा द्या. त्याला कुणासमोर कारणांची फोड करायला लावू नका.

चार, मध्येच ठिपका सापडला तर पहिल्यांदा तो काढायला लावा आणि ती फेरी पुन्हा खेळवा. दुसऱ्यांदा सापडला तर बाद. आणि हाच नियम टिकलीला, हाच नियम बटणाला.

सौंसर, पांढुर्णा, काटोल, नरखेड इकडची पोरं जुन्या कॉम्प्युटरवर, अडखळणाऱ्या नेटवर शिकून स्पर्धेला येतात. त्यांना चांगला मॉनिटर आपण देऊ शकणार नाही. पण ज्या गोष्टीसाठी त्यांना बाद करू, त्याच गोष्टीसाठी शेजारच्या खुर्चीवरच्यालाही बाद करू, एवढा शब्द तर देऊ शकतो. फॉर्म छापायच्या आधी ती एक ओळ लिहा, बाकी नेम ज्याचा त्याने धरावा.