गुब्बी कंपनीची नात

म्हैसूर म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे राजवाडा, दसऱ्याची मिरवणूक आणि चंदनाचा साबण उभा राहतो. परंतु याच नगरीत, कलामंदिराच्या आवारात, 'रंगायण' ही नाट्यसंस्था आहे. १९८९ साली ब. व. कारंत यांनी ती उभी केली. २००९ मध्ये तिचे संचालकपद बी. जयश्री यांच्याकडे आले, तेव्हा जुन्या नाट्यरसिकांना एक वर्तुळ पुरे झाल्यासारखे वाटले असल्यास नवल नाही.

लहानपणी घरातून पळून गेलेल्या कारंतांना आसरा मिळाला होता तो गुब्बी वीरण्णांच्या नाटक कंपनीत. आणि जयश्रीबाई या वीरण्णांची नात. त्यांच्या मातोश्री मालतम्मा याही रंगभूमीवरच्याच.

ही कंपनी १८८४ मधली. आपल्याकडे अण्णासाहेब किर्लोस्करांचे 'शाकुंतल' रंगभूमीवर येऊन तेव्हा जेमतेम चार वर्षे झाली होती. वीरण्णांनी पुढे तिला जे वैभव आणले, त्याच्या कथा कर्नाटकात अजून सांगतात. 'कुरुक्षेत्र' नाटकात त्यांनी खरेखुरे हत्ती-घोडे आणले होते! (आपल्या मंडळ्यांनीही भरजरी पडद्यांपायी कर्जे केली, पण हत्तीचा चारा कुणाच्या हिशेबवहीत चढला असल्यास आमच्या ऐकिवात नाही.) शिवाय या कंपनीत स्त्रियांच्या भूमिका स्त्रिया करीत. बी. जयम्मांसारख्या अभिनेत्री तेथेच नावारूपाला आल्या.

अशा बिऱ्हाडात १९५० साली जन्मलेली मुलगी बालवयातच रंगमंचावर आली, यात आश्चर्य ते काय? आश्चर्य आहे ते पुढच्या पावलात. जयश्रीबाई दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात दाखल झाल्या आणि १९७३ मध्ये तेथून पदवी घेऊन बाहेर पडल्या. अल्काझींच्या त्या विद्यालयात शिस्त कडक. उच्चार, हालचाल, प्रकाश, नेपथ्य, प्रत्येक गोष्टीचा विचार तेथे नव्याने करावा लागे. कंपनीतली रीत अगदी निराळी. तेथे गाणे आधी, बाकी सारे मागून. आणि शेवटच्या रांगेतल्या प्रेक्षकापर्यंत आवाज पोहोचलाच पाहिजे. पिढीजात नटीने शाळेच्या बाकावर बसायचे, म्हणजे घरचे विसरायचे की शाळेचे नाकारायचे, हा पेच उभा राहतोच. नव्या शिक्षणाच्या झगमगाटात आजीच्या ओव्या विसरणारी घरे आपण पाहतोच की!

जयश्रीबाईंनी दोन्ही राखले. १९७६ मध्ये त्यांनी 'स्पंदन' ही आपली संस्था काढली, लोककथा आणि लोकसंगीत यांच्या आधारे नवी नाटके बसवली. आणि त्याचबरोबर आजोबांच्या कंपनीतली नाट्यगीते त्या मैफलींतून गात राहिल्या. कंपन्यांचे दिवस सरले होते. नाटकाची संहिता छापता येते, पण ते पद कोणत्या लयीत म्हणायचे, कोठे थबकायचे, हे गळ्यातूनच गळ्यात जाते. गळा थांबला की सारे संपते.

चित्रपटांत त्यांनी पडद्यावर कामे केली, तशीच इतर नायिकांना आपला आवाजही दिला. गिरीश कार्नाडांच्या नाटकावरून नागाभरणांनी १९९७ साली काढलेल्या 'नागमंडल'मध्ये त्या दिसतात. २००१ च्या 'नन्न प्रीतिय हुडुगी' चित्रपटात मोटारीवरचे एक खट्याळ गाणे त्यांनीच गायिले आहे, आणि नाटकाशी कसलाच संबंध नसलेली पोरेही ते गुणगुणत असत. १९९६ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार, २०१० मध्ये राज्यसभेवर नेमणूक, २०१३ मध्ये पद्मश्री, असे सन्मानही पाठोपाठ आले.

म्हैसूरला मात्र त्या पुन्हा शिकवणाऱ्यांच्या बाजूला होत्या. रंगायणात नाटके होतात, तसेच तरुणांना नाट्यशिक्षणही मिळते. उन्हाळ्याच्या सुटीत तेथे मुलांचा 'चिन्नर मेळा' भरतो. त्या दिवसांत कलामंदिराच्या आवारात झाडांखाली मुखवटे रंगविणारी, तालावर पाय टाकणारी चिमुकली मुले दिसतात. बहुतेकांच्या घरी नाटकाचे नावही नसते.