आधी संख्या कळू द्या, मग तिचे नाव



नव्या शैक्षणिक धोरणानुसार पाठ्यपुस्तके बदलत आहेत. अशा वेळी जून २०१९मधला एक वाद पुन्हा उघडायला हवा. बालभारतीच्या दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात ‘त्रेपन्न’च्या जोडीला ‘पन्नास तीन’ असेही संख्यावाचन आले आणि पुण्यापासून विधिमंडळापर्यंत गदारोळ झाला. मराठी बुडाली, अशी ओरड झाली. जुनी नावे काढलेली नाहीत, हे गणित समितीच्या अध्यक्ष डॉ. मंगला नारळीकर परोपरीने सांगत होत्या. २०२३मध्ये त्या गेल्या. त्यांच्या मुद्द्याचा शांतपणे विचार व्हायचा राहूनच गेला.

संख्येचे नाव एका क्रमाने आणि लेखन उलट्या क्रमाने, यातून मुलांचा गोंधळ होतो, हा तो मुद्दा दुसरीच्या वर्गात डोळ्यांनी दिसतो. बाई ‘त्रेपन्न’ म्हणतात. मूल आधी तीन ऐकते, मग पन्नास, आणि पाटीवर ३५ लिहिते. ‘एकोणसाठ’मध्ये साठ ऐकून कुणी ६९ लिहिते. ही मुले ढ नसतात. ऐकले तसे लिहितात. त्यांच्यापुढे दहा-दहा काड्यांचे पाच गठ्ठे आणि तीन सुट्या काड्या ठेवा. गठ्ठे मोजून पन्नास, सुट्या मोजून तीन, म्हणजे ५३, हे त्यांच्या हातालाच कळते. ‘यालाच त्रेपन्न म्हणतात’ हे त्यानंतर सांगितले, की नावही पक्के बसते. पुढे ५३मधून २७ वजा करताना एक गठ्ठा का सोडायचा, हेही वेगळे घोकावे लागत नाही.

शेजारच्या कन्नड-तेलुगूत दशक आधी आणि एकक नंतरच म्हणतात. नॉर्वेने तर १९५१मध्ये अधिकृत संख्यावाचनच तसे बदलले. जुनी पद्धत बोलण्यात टिकली आणि भाषाही.

विरोधकांची एक काळजी रास्त आहे. मंडईत भाजीवाली ‘त्रेपन्न रुपये’च म्हणणार, आणि मुलाला ते कळलेच पाहिजे. म्हणून तर पुस्तकात दोन्ही वाचने होती!

तिसरीपर्यंत प्रत्येक मुलाला पायाभूत अंकज्ञान यावे, यासाठी केंद्राच्या ‘निपुण भारत’ अभियानाने २०२६-२७ची मुदत घातली आहे. नुसते पाढे घोकून ती गाठता येणार नाही. बालभारतीने नव्या पुस्तकांत दोन्ही वाचने द्यावीत आणि त्यामागचे कारण पालकांसाठी तिथेच छापावे. पुणे महापालिकेने पहिली-दुसरीच्या प्रत्येक वर्गात काड्यांचे गठ्ठे पुरवावेत. पालकांनीही ‘पाढे कितीपर्यंत आले?’ असे विचारण्याआधी मुलाला ५३ मांडून दाखवायला सांगावे.

— एक वाचक, पुणे