मांजराची वेणीफणी

"काय मास्तर, मांजराची वेणीफणी चालली आहे वाटते?"

रविवारी सकाळी मनीला मांडीवर घेऊन ओटीवर बसलो की, शेजारचे अण्णा हे वाक्य टाकल्याशिवाय पुढे जात नाहीत. त्यांचे म्हणणे असे की, मांजर आपले अंग आपणच चाटते. आखूड केसांच्या गावठी मांजराला ब्रश लावणे हे निव्वळ रिकामपणाचे लक्षण. फराळाचे ताट पुढे घेऊन बसलेल्या वाचकांपैकी निम्मे अण्णांच्याच बाजूचे असतील, हे मी जाणून आहे. म्हणूनच हे भांडण आज चव्हाट्यावर आणतो.

मांजर स्वतःला चाटते, हे कबूल. पण चाटलेला केस जातो कुठे? मांजराच्या जिभेवर मागे वळलेले बारीक काटे असतात. त्यांत अडकलेला केस त्याला थुंकता येत नाही, गिळावाच लागतो. बराचसा विष्ठेवाटे जातो, उरलेल्याचा पोटात गोळा होतो आणि एके पहाटे तो सतरंजीवर ओकला जातो. मग "मांजर घाण करते" म्हणून ओरडायला अण्णाच पुढे! आणि म्हाताऱ्या किंवा लठ्ठ मांजराचे काय? त्याचे तोंड पाठीपर्यंत पोचत नाही. त्याची पाठ कोणी चाटावी? अण्णांनी?

दुसरा पक्ष अतिउत्साही मंडळींचा. नरकचतुर्दशीला पोरांबरोबर मांजरालाही उटणे लावून न्हाऊ घालणारी घरे मी पाहिली आहेत. अहो, त्या जिवाला अभ्यंगस्नानाचे पुण्य नको आहे! अंगाला लावाल ते सारे चाटून ते पोटात घेते. कुत्र्याच्या पिसवांवरचे औषध तर चुकूनही लावू नये. त्यात पुष्कळदा परमेथ्रिन असते आणि ते मांजराच्या जिवावर उठते.

करावयाचे ते इतकेच: आठवड्यातून एकदा, पाच मिनिटे, रबरी ब्रश किंवा बारीक दातांची फणी हलक्या हाताने मानेकडून शेपटीकडे फिरवावी. पोटाला हात लावू देत नसेल तर हट्ट धरू नये. फणीत काळे कण आले तर ते ओल्या पांढऱ्या फडक्यावर टाकावेत. तांबूस डाग उमटला तर पिसवा झाल्या असे समजावे.

आता खरे सांगतो. मनीच्या आधी आमच्याकडे एक बोका होता. मीही तेव्हा अण्णांच्याच पंथाचा. दोन वेळा खायला घातले की माझे कर्तव्य संपले. एका भांडणात दुसऱ्या बोक्याचा दात त्याच्या पाठीत रुतला. वरची कातडी मिटली, आत पू झाला, आणि वरून केस अगदी नीटनेटके. त्या पाठीवरून माझा हात फिरता, तर दोन दिवसांतच गाठ हाताला लागली असती. तो खाईना म्हणून गुरांच्या डॉक्टरांकडे नेला, तेव्हा उशीर झाला होता. वर्गात चाळीस मुलांची नखे तपासणारा मी मास्तर. घरातल्या एका मुक्या जिवाची पाठ माझ्याने तपासवली नाही!

तेव्हा अण्णा, वेणीफणी म्हणा की रिकामपणा म्हणा, दर रविवारी मनीची हजेरी मी घेणारच. तुमच्या जिन्याखाली निजणारा तो पिवळा बोकाही या दिवाळीत एकदा मांडीवर घेऊन पाहा. फणी मी देतो.